जावा लिपी आणि दोन जावा

वाळूजच्या बजाजनगरात राजनंदिनीला लोक ओळखायचे ते तिच्या अक्षरावरून. लग्नपत्रिका, बारशाची कार्डं, गणेश मंडळाची पावतीपुस्तकं, शाळांच्या प्रश्नपत्रिका, सगळं तिच्या घराखालच्या गाळ्यात जुळायचं. कॉम्प्युटरात ढिगानं फॉन्ट होते, तरी गिऱ्हाईक काउंटरवर रेलून म्हणायचं, "वहिनी, नवरा-नवरीचं नाव तेवढं तुमच्या हातचं टाका." मग ती तिरकी कापलेली निब शाईत बुडवायची आणि एका दमात नाव लिहायची. गिऱ्हाईक बघत राहायचं, आणि गिऱ्हाईक बघतंय हे तिला मनातून फार आवडायचं.

माहेर चितेगावचं. संभाजीनगरात कमर्शियल आर्ट शिकली, आणि निकाल लागायच्या आधीच बद्रीनाथ आणि सारजाबाईंच्या थोरल्या मुलाशी लग्न लागलं. सासरची जमीन देवगाव रंगारीला, ती बटईनं दिलेली. नवरा विश्वजीत वाळूजच्या एका कारखान्यात सुपरवायझर. मुलं दोन, शाळेत जाणारी. तिच्या बरोबरच्या पोरी पुण्या-मुंबईत जाहिरातीच्या कंपन्यांत लागल्या. त्यांचे फोटो मोबाईलवर दिसले की ती पटकन अंगठ्यानं वर सरकवायची. हेवा तिला नवा नव्हता. तोवर तो फक्त लांबच्या माणसांचा होता.

करोनाच्या वर्षी लग्नं थांबली, शाळा बंद पडल्या आणि गाळ्याचं शटर अर्ध्यावर आलं. रिकाम्या हातानं बसवेना म्हणून ती इंटरनेटवर मराठीचे नवे फॉन्ट शोधत होती. त्यात तिला एक पान सापडलं. जगभरातली माणसं मिळून तिथं फॉन्ट बनवत होती, आणि बनवून झाला की कुणीही तो घ्यावा, वापरावा, बदलावा, अशी मोकळीक. इंडोनेशियातल्या जावा बेटाची जुनी लिपी, शेजारच्या बाली बेटाची, कंबोडियाची, अशी कामं तिथं अर्धवट पडली होती. जावाच्या लिपीखाली एका बाईंनी लिहिलं होतं, ‘अक्षरं काढणारा हात हवा आहे. आमच्याकडं ही लिपी मुलांना शाळेत शिकवतात, पण फोनवर लिहायला धड फॉन्ट नाही.’

राजनंदिनीनं ती अक्षरं मोठी करून पाहिली. शिरोरेषा नाही, काही नाही. नुसत्या निऱ्या, नेसणारणीनं बोटांनी सारख्या केलेल्या लुगड्याच्या निऱ्या. पण जरा वेळ पाहिल्यावर ओळख पटायला लागली. आपल्यासारखी वेलांटी अक्षराच्या डोक्यावर, उकार पायाशी, अनुस्वार वर, रफारसुद्धा वर. जोडाक्षर करायचं तर दुसरं अक्षर पहिल्याच्या खाली जाऊन बसतं. आपल्याकडं मोडीचं जे झालं तेच तिकडं या लिपीचं झालेलं. पाट्यांवर आहे, पुस्तकात आहे, रोजच्या हातातून मात्र गेली.

त्या बाईंचं नाव रत्री. जोगजकार्ता शहराजवळच्या एका शाळेत शिकवायच्या. राजनंदिनीनं मोडक्यातोडक्या इंग्रजीत लिहिलं, दोन अक्षरं काढून पाठवली. रत्रीबाईंचं उत्तर आलं, ‘तुमचा हात आमच्या आजोबांच्या पोथीतला वाटतो, म्बाक राज.’ म्बाक म्हणजे तिकडं ताई.

"जावा म्हंजी?" सारजाबाईंनी विचारलं.

"बेट आहे, आई. समुद्रात."

"मला वाटलं तुला जाऊ आणायची घाई झाली," सारजाबाई हसल्या. धाकट्या ऋतुराजचं लग्न अजून व्हायचं होतं.

विश्वजीतचा प्रश्न सरळ होता. "फुकट काम करायचं? यात मिळणार काय?"

"नाव," ती म्हणाली. "फॉन्ट कुणी केला ते त्याच्यासोबत लिहिलेलं असतं. जगात कुठंही कुणी उघडला तरी ते नाव त्याच्याबरोबर जातं."

"मग कर. तुझ्या नावानं काही जात असेल तर कर की."

तिनं सगळी अक्षरं काढली, त्यांची खालची जोडरूपं काढली, आकडे काढले. फॉन्टला नाव दिलं ‘मेलाती’, तिकडच्या भाषेत मोगरा. पण अक्षरं नुसती काढून भागत नव्हतं. टाइप करायला गेलं की खाली बसायचं अक्षर शेजारी येऊन उभं राहायचं आणि वेलांटी भलत्याच डोक्यावर चढायची. कुठलं अक्षर कुणाखाली, किती सरकून, हे फॉन्टला आतून नियम लिहून सांगावं लागतं. तिथं राजनंदिनीचा हात थांबला. ती तेवढं शिकलेली नव्हती.

आणि मग श्रेया घरात आली.

श्रेया जालन्याची. बीसीए झालेली, बोलायला मोकळी, हसताना तोंडावर हात न धरणारी. ऋतुराज औषध कंपनीत फिरतीवर. ती दुपारी कंटाळून गाळ्यात यायची आणि स्टुलावर बसून विचारायची, "ताई, हे काय करता?" राजनंदिनीनंच तिला जवळ बसवलं. कुठलं अक्षर कुठलं, जोडरूप म्हणजे काय, रकार अक्षराला खालून कसा कवेत घेतो, सगळं कागदावर काढून दाखवलं. सांगायला कुणीतरी मिळालं याचाच तिला आनंद होता. घरात इतक्या वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं.

श्रेयानं महिनाभर नुसतं वाचलं. चुकली, पुन्हा वाचलं, परदेशातल्या अनोळखी लोकांना प्रश्न विचारून भंडावून सोडलं. एका दुपारी ती वरच्या मजल्यावर धावत आली आणि भाकरी थापणाऱ्या राजनंदिनीचा पिठाचा हात धरून तिला खाली घेऊन गेली. पडद्यावर जावाच्या लिपीत एक शब्द होता. निरीखाली निरी, ‘न’च्या खाली ‘द’ अलगद बसलेला, त्यावर वेलांटी जागच्या जागी.

"काय लिहिलंय?"

"वाचा की! राजनंदिनी!"

दोघी लहान पोरींसारख्या नाचल्या. सारजाबाई जिन्यावरून ओरडल्या, "तव्यावर भाकर जळाली गं! घरात बी जावा, काम्पुटरात बी जावा, आन् माझ्या तव्याला वाली नाय."

तो दिवस राजनंदिनीच्या आयुष्यातला खरंच चांगला दिवस होता. पुढं ती स्वतःशी कितीही कडू झाली तरी हे तिनं कधी नाकारलं नाही.

कडूपणा हळूहळू आला. आधी रत्रीबाईंचे निरोप बदलले. पूर्वी ‘म्बाक राज, हे अक्षर सुंदर’ असं यायचं, आता ‘श्रेया कुठे आहे? हे तिला विचारा’ असं यायला लागलं. मेलातीवर सुधारणा रोज होत होत्या आणि त्या सगळ्या श्रेयाच्या. अक्षर एकदा काढलं की काढलं. नियमांना अंत नव्हता. कामाच्या पानावर कुणी काय केलं ते दिसायचं. राजनंदिनीचं नाव खाली खाली गेलं आणि श्रेयाचं वर पुन्हा पुन्हा येत राहिलं. मग बालीच्या लिपीचं काम निघालं आणि त्या मंडळींनी दोन्ही फॉन्टची देखरेख श्रेयाकडं दिली.

"ताई, तुम्हाला चालेल ना?" श्रेयानं विचारलं.

"मला काय विचारतेस? तुलाच येतं ते," राजनंदिनी म्हणाली आणि पत्रिकेचा प्रूफ काढायला वळली. प्रूफमध्ये नवऱ्या मुलाच्या बापाचं नाव दोनदा छापलं गेलं.

त्यानंतर एका स्थानिक पेपरात बातमी आली. ऋतुराजचा कुणी मित्र पत्रकार होता. ‘वाळूजच्या सुनेनं जिवंत केली जावाची लिपी.’ मोठा फोटो श्रेयाचा. तिच्यामागं गाळा, राजनंदिनीचं टेबल, टेबलावर राजनंदिनीच्या शाईच्या बाटल्या. शेवटच्या ओळीत लिहिलं होतं, ‘या कामी त्यांच्या जाऊबाईंचं मोलाचं सहकार्य लाभलं.’

सहकार्य!  बद्रीनाथांनी पेपराच्या प्रती घेतल्या आणि देवगावला भावकीत वाटल्या. घरी आलेल्या प्रत्येकाला ते कात्रण दाखवायचे. "आमची धाकली सून," म्हणायचे. थोरली सून त्यांच्यापुढं चहाचा कप ठेवत असायची.

"त्यांना काय कळतंय," श्रेया म्हणाली. "मी पत्रकाराला सांगितलं होतं, अक्षरं ताईंची आहेत म्हणून."

"सांगितलं असशील," राजनंदिनी म्हणाली.

श्रेया खोटं बोलत नव्हती, हे तिला ठाऊक होतं. तेच तिला सोसवत नव्हतं. पोरगी लबाड असती, आगाऊ असती, तर रागवायला धड कारण तरी मिळालं असतं. आता तिच्या प्रत्येक गोष्टीत तिला खोट दिसायला लागली. श्रेया फोनवर इंग्रजीत हसून बोलली तरी राजनंदिनीला राग, आणि तिनं भांडी घासून ठेवली तरी राग. गिऱ्हाईक आलं आणि ‘त्या पेपरातल्या मॅडम कुठं आहेत’ म्हणालं, त्या दिवशी तर राजनंदिनीला जेवण गेलं नाही.

असं असताना ते बोलावणं आलं. जोगजकार्तात शिक्षकांसाठी आठवडाभराची कार्यशाळा होती. मेलाती वापरून मुलांची वाचनाची पुस्तकं कशी करायची ते शिकवायला एकाला बोलावलं होतं. एकालाच. बोलावणं श्रेयाला होतं.

घरात ऋतुराजला मोठा अभिमान वाटला. बद्रीनाथ हो-नाहीच्या मध्ये होते. सून एकटी विमानानं परदेशात जाणार, भावकी काय म्हणेल, पण पेपरात पुन्हा येईल हेही होतं. त्यांनी निर्णय सारजाबाईंवर टाकला, आणि सारजाबाई असल्या गोष्टी थोरलीला विचारल्याशिवाय करत नसत.

दोघी ओट्यावर मेथी निवडत होत्या.

"तुला काय वाटतं गं? पाठवावं का?"

राजनंदिनीनं मेथीची काडी मोडली. "माझं काय. पाठवा की. शिकलेली पोर आहे."

"तसं नाय. मनातलं सांग."

तेव्हाच ती गप्प बसली असती तर पुढचं काही घडलं नसतं. पण बऱ्याच दिवसांचं साठलेलं होतं आणि विचारणारं माणूस समोर बसलेलं होतं.

"मी सांगितलं असं म्हणू नका, आई. पण त्या दोघांनी ठरवलंय म्हणे, मूल इतक्यात नको. तीच बोलली मला. आता हे एक बोलावणं, मग दुसरं, मग तिसरं. तुम्ही नातवाची वाट बघा."

श्रेयानं ते तिला विश्वासानं सांगितलं होतं, खालच्या गाळ्यात, तिच्या खांद्याला खांदा लावून.

सारजाबाईंच्या हातातली जुडी तशीच राहिली. "असं व्हय," एवढंच त्या म्हणाल्या.

संध्याकाळी घरात जे झालं ते राजनंदिनीनं स्वयंपाकघराच्या दारातून ऐकलं. सारजाबाई रडल्या. बद्रीनाथ म्हणाले, "आधी घरचं बघा, मग जग हिंडा." ऋतुराज आधी चढ्या आवाजात बोलला, मग आईचे डोळे बघून बसला.  श्रेयानं फक्त एकदा दाराकडं पाहिलं. ती नजर राजनंदिनीच्या अंगावरून खालपर्यंत गेली आणि परत फिरली.

श्रेयानं रत्रीबाईंना ‘घरगुती कारणानं येता येत नाही’ असं कळवलं. दोनच दिवसांनी राजनंदिनीला निरोप आला. ‘म्बाक राज, मग तुम्ही या. अक्षरं तर तुमचीच आहेत.’

चहा उकळून वर येईपर्यंत ती सुखात होती. खरंच सुखात. अखेर कुणाला तरी आठवलं, अक्षरं कुणाची ते! पासपोर्ट होता; विश्वजीतच्या कंपनीची एक परदेशवारी ठरून मोडली होती तेव्हा दोघांचे काढलेले. सारजाबाई म्हणाल्या, "तू जा. तुझं सगळं मार्गी लागलंय." बद्रीनाथांनी मान हलवली. कुणीच अडवलं नाही. मग चहा ओतताना तिच्या ध्यानात आलं की तिथं जाऊन बोलायचं कशावर, हे तिला माहीत नव्हतं.

ती श्रेयाच्या खोलीच्या दारात गेली. श्रेया कपड्यांच्या घड्या घालत होती.

"श्रेया, ते नियमांचं जरा सांगशील? तिथं विचारतील."

"नाही."

"काय?"

"नाही सांगणार, ताई." श्रेयानं घडी पलंगावर ठेवली. "आईंना कुणी सांगितलं ते मला कळलंय. ते मी फक्त दोन माणसांना बोलले होते. एक माझा नवरा, आणि दुसऱ्या तुम्ही."

राजनंदिनीला वाटलं नाकारावं. पण ती दाराच्या चौकटीवरची धूळ बोटानं पुसत राहिली.

"तुम्हाला जायचं होतं तर मला म्हणायचं होतं. मी रत्रीबाईंना सांगितलं असतं. मला विमानाचं एवढं नव्हतं हो. पण तुम्ही माझं घरातलं..." तिचा आवाज फुटला, तसा तिनं सावरला. "जा तुम्ही. अक्षरं तुमचीच आहेत ना? मग बोला अक्षरांवर."

चिकलठाण्याच्या विमानतळावर सोडायला सगळे आले. श्रेया आली नाही.

जोगजकार्तात राजनंदिनीचं स्वागत घरच्या लेकीसारखं झालं. रत्रीबाई बुटक्या, गोल चेहऱ्याच्या, सतत खायला घालणाऱ्या. रस्त्यांच्या नावांच्या पाट्यांवर तिला ती अक्षरं दिसली आणि बोटं शिवशिवली. पहिल्या दिवशी ती फळ्यावर अक्षरं काढून दाखवत होती. शिक्षक माना डोलवत होते, फोटो काढत होते. तिला वाटलं, झालं, निभावलं. इतके दिवस जे हवं होतं ते हेच. सगळ्या खोलीचे डोळे तिच्या हातावर.

मग एक तरुण शिक्षिका लॅपटॉप घेऊन पुढं आली. तिनं मुलांच्या पुस्तकातलं एक साधं वाक्य टाइप केलं होतं, ‘भात आणि स्रुंडेंग’. स्रुंडेंग म्हणजे खोबऱ्याचा किस परतून केलेली चटणी, तिकडच्या लेकरांच्या डब्यातली नेहमीची. पडद्यावर त्या शब्दाचा नुसता गुंता झाला होता. त्यांच्या लिपीत दोन शब्दांत जागा सोडत नाहीत. आधीच्या शब्दाचं शेवटचं अक्षर पुढच्या शब्दाच्या पहिल्या अक्षराला धरून ठेवतं. ‘आणि’साठीच्या शब्दातला शेवटचा ‘न’, त्याला जोडलेला ‘स’, त्याला रकार, शिवाय पायाशी उकार. चौघं एका जागेवर भांडत होते. राजनंदिनीनं नेहमी सुटे शब्द पाहिले होते. वाक्य म्हणून पाहायचं काम श्रेयाचं.

"हे कसं दुरुस्त करायचं, म्बाक राज?" रत्रीबाईंनी हसून विचारलं. "आमच्या मुलांचं पुस्तक उद्या छापायला द्यायचं आहे."

ती म्हणू शकली असती, नंतर बघू. तिनं तसं म्हणायला तोंडही उघडलं. पण त्या शिक्षिकेनं तिच्यासाठी खुर्ची ओढली होती, आणि सगळे वाट बघत होते. तिनं फोन काढला. श्रेयाला लावला. वाजत राहिला, कुणी घेतला नाही. पुन्हा लावला. रत्रीबाईंनी तोवर तो फोन मोठ्या पडद्याला जोडून दिला, सगळ्यांना दिसावं म्हणून.

श्रेया दिसली. गाळ्यातच होती. सबंध भिंतीएवढी श्रेया.

"बोला, ताई."

राजनंदिनीनं अडचण सांगितली. श्रेयानं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "करते. पण आधी सांगा, मी तिथं का नाही?"

"श्रेया, सगळे बघतायत."

"बघू दे. मराठी कुणाला येतं तिथं? सांगा. मला तुमच्या तोंडून ऐकायचंय."

खोलीत शिक्षक शांत बसले होते. त्यांना वाटलं, कामाचं बोलणं चाललंय. एकानं वहीत टिपायलासुद्धा पेन उघडलं.  राजनंदिनीनं पदराचं टोक मुठीत धरलं आणि त्या अनोळखी माणसांसमोर, कुणालाही न कळणाऱ्या आपल्या भाषेत, बोलली.

"मी आईंना सांगितलं. मुद्दाम सांगितलं. तू जाणार हे मला बघवलं नाही. पेपरात तुझा फोटो आला तेव्हापासून मला तू बघवत नव्हतीस. तुला सगळं येतं आणि मला येत नाही. माझ्याकडं फक्त हा हात होता, श्रेया. दुसरं काहीच नव्हतं. आणि तिथंही तू आलीस."

 पलीकडं श्रेयानं ओढणीनं नाक पुसलं.

"बरं," ती शेवटी म्हणाली. "फाईल पाठवा."

दुपारच्या जेवणाआधी तिची दुरुस्ती आली. पण नियमानं अक्षरं सरकली तरी जागा पुरेना. श्रेयाचा निरोप आला, ‘स’च्या जोडरूपाची शेपटी आखूड करा, मला तिथं जागा द्या. राजनंदिनी बसली आणि तिनं तो आकार पुन्हा काढला. पहिला जमला नाही, पुढचा जमला. श्रेयानं तो घेतला, बसवला. शिक्षिकेनं वाक्य पुन्हा टाइप केलं आणि चटणीचा शब्द सुटा, स्वच्छ उभा राहिला.

खोलीनं टाळ्या वाजवल्या. सगळे पडद्याकडं बघून वाजवत होते. श्रेया लाजून हात जोडत होती. आणि इतकं सगळं बोलून झाल्यावरसुद्धा राजनंदिनीचा तोच जुना हेवा उठला. तिला स्वतःचाच अचंबा वाटला. बोललं की जाईल, असं तिला वाटलं होतं.

घरी परतल्यावर तिनं सारजाबाईंना एकटं गाठलं आणि आपण ते सांगायला नको होतं असं म्हणाली. सारजाबाई शेंगा फोडत होत्या.

"मला ठावं हाय," त्या म्हणाल्या. "तू जळून सांगितलं ते मला तवाच कळलं. पर मला बी तेच ऐकायचं व्हतं, म्हणून म्या ऐकलं. निसतं तुझ्यावर कशाला टाकू?"

पण व्हायचं ते होऊन गेलं होतं. महिनाभरात ऋतुराज आणि श्रेयानं संभाजीनगरातल्याच सातारा परिसरात भाड्यानं घर घेतलं. ‘ऋतुराजला फिरतीला बरं पडतं,’ असं सगळ्यांना सांगितलं गेलं. सामान गेलं तेव्हा श्रेया सासूच्या, सासऱ्यांच्या पाया पडली, आणि राजनंदिनीच्याही पडली, रीत म्हणून. वर पाहिलं नाही.

मग एक विचित्र गोष्ट सुरू झाली. एकाच शहरातल्या दोघी जावा एकमेकींशी बोलत नव्हत्या, पण मेलातीच्या पानावर, साऱ्या जगासमोर, इंग्रजीत रोज बोलत होत्या. ‘कृपया खालचा उकार पाहावा.’ ‘पाहिला. आता बरोबर आहे. आभार.’ ‘बालीचा र फार रुंद आहे.’ ‘नवीन जोडला आहे.’ दूरदेशीच्या कुणाला वाटलं असतं, किती सभ्य बाया आहेत. त्या ‘आभार’ शब्दावर राजनंदिनी कितीदा तरी थांबायची. घरात असताना त्यांनी एकमेकींना आभार असं कधी म्हटलं नव्हतं.

गाळ्यातल्या रिकाम्या वेळात तिनं नियम शिकायला घेतले. मुलांच्या इंग्रजीच्या मास्तरांकडून अडलेलं विचारायची. सोपं नव्हतं. श्रेयाला जे महिन्यात आलं त्याला तिला वर्ष गेलं, आणि तरी ते अर्धंच आलं. पण अर्धं आल्यावर तिला कळलं, त्या पोरीनं किती केलं होतं. हे कळल्यानं हेवा कमी व्हायला हवा होता. उलट तो वाढला. फक्त आता तो श्रेयाच्या फोटोचा, टाळ्यांचा राहिला नाही. तिच्या कामाचा झाला. असा हेवा माणसाला निदान टेबलाशी बसवतो.

पुढच्या दिवाळीत श्रेया सासरी आली. पोटुशी होती, आणि हे तिनं कुणाच्या सांगण्यावरून नव्हे, स्वतःच्या मनानं ठरवलेलं, हे तिनं आल्या आल्या सासूला हसत ऐकवलं. सारजाबाईंनी कानशिलावर बोटं मोडली. फराळ झाला. बद्रीनाथ आणि दोघं भाऊ बाहेर बसले, आणि श्रेया जिना उतरून गाळ्यात आली. तिनं जुनं स्टूल ओढलं.

"कंबोडियाच्या लिपीचं काम काढलंय त्यांनी," ती म्हणाली. "मला विचारलंय, मधेमधे तिकडं जावंही लागेल. मला आता जाणं-येणं जमायचं नाही. मी तुमचं नाव दिलंय."

"माझं? नियमांसाठी?"

"दोन्हीसाठी. बालीच्या फॉन्टमध्ये तुम्ही गुपचूप दोन नियम लिहिलेत ते मी पाहिलं. एक चुकलाय."

"कुठला?"

"सांगते. आधी सरका."

राजनंदिनी सरकली. श्रेयानं की-बोर्ड पुढ्यात घेतला, चुकलेली ओळ शोधली आणि बोलता बोलता नीट केली, जिच्यावर राजनंदिनीनं दिवस घालवले होते. पडद्यावर अक्षर आपल्या जागी जाऊन बसलं. राजनंदिनीच्या मनात तो ओळखीचा हेवा उठला. तिनं तो उठू दिला.

"फार पटकन केलंस," ती म्हणाली. "पुन्हा कर. या वेळी हळू."